खिशातला हात

कुलदीपनं डावा हात पँटच्या खिशात घातला आणि नुसत्या उजव्या हातानं वरमाला घालायला निघाला. माळ नवरीऐवजी भटजींच्या गळ्यात पडली. सगळं कॅन्टीन खो-खो हसलं. पहिल्या रांगेत बसलेले सोपानरावही मांडीवर थाप मारून हसले. नक्कल त्यांचीच होती आणि सोळा आणे जमली होती.

सिनेमा असो की मालिका, सोपानरावांच्या वाट्याला यायचा तो विसराळू काका, नाहीतर घाबरट हवालदार, नाहीतर नवरीचा खादाड मामा. काम दोन-चार प्रसंगांचं. पण डावा हात खिशात ठेवून एकाच हातानं सगळी फजिती ओढवून घ्यायची त्यांची तऱ्हा लोकांनी डोक्यावर घेतली होती. त्या तऱ्हेवर बावीस वर्षं घर चाललं, सांगवीत फ्लॅट झाला, लेक शिकली. नायक व्हायची हौस त्यांना कधीच नव्हती. घमेंड होती ती एकाच गोष्टीची. आपल्या कार्यक्रमातून माणूस मध्येच उठून जात नाही, असं ते चारचौघांत मिशीला पीळ देऊन सांगत.

आज निघोज्याजवळच्या या कंपनीत सुरक्षा सप्ताहाचा शेवटचा दिवस होता. भाषणांना कामगार जांभया देतात, म्हणून यंदा साहेबांनी हसवणारा पाहुणा बोलावला होता.

नक्कल संपवून कुलदीप पाया पडायला आला. लातूरकडचा, कुरुळीत खोली घेऊन राहणारा, प्रेस मशीनवरचा तरणाबांड ऑपरेटर. सोपानरावांनी त्याला शेजारच्या खुर्चीत बसवून घेतलं आणि एका हाताची एवढी सवय कुठं केलीस म्हणून कौतुकानं विचारलं.

"मशीनवरच, काका," कुलदीप हळूच म्हणाला. "दोन हातांनी दोन बटनं दाबल्याबिगर प्रेस खाली येत नाही. मी डाव्या बटनावर चिकटपट्टी मारलीय, ते दाबलेलंच राहतंय. एका हातानं बटन, दुसऱ्यानं पत्रा. टार्गेट जेवायच्या सुट्टीआधीच होतंय."

सोपानरावांचं हसू ओसरलं. काही बोलणार, तोच माईकवरून त्यांचं नाव पुकारलं गेलं.

ते खिशात हात घालून उभे राहिले, एवढ्यावरच लोक हसायला लागले. हात तिथंच ठेवला तर अर्धा तास मजेत जाणार होता. बाहेर काढला, तर पुन्हा त्या हाताला कुणी हसणार नव्हतं. बावीस वर्षं जी कीव टाळली ती पदरात पडणार होती, आणि उद्या काम द्यायलाही माणसं बिचकली असती. सोपानरावांना भीती वाटली. समोर कुलदीप हनुवटीला हात लावून बसला होता. पत्रा सरकवणारा हात.

त्यांनी डावा हात बाहेर काढला. अंगठा आणि करंगळी होती, मध्ये काहीच नव्हतं. लोक आधी हसले, त्यांना हाही नवा खेळच वाटला. मग एकेक करून गप्प झाले.

"बावीस वर्षं तुम्ही हसलात तो अभिनय नव्हता," सोपानराव म्हणाले. "लपवालपवी होती. भोसरीच्या एका शेडमध्ये मीही बटनाला चिकटपट्टी लावली होती. टार्गेट माझंही वेळेआधी व्हायचं."

साहेबांनी गडबडीनं त्यांना शाल पांघरली आणि नारळ पुढं केला. एरवी तो एका हातानं घेऊन सोपानराव टाळ्या मिळवत. आज त्यांनी दोन्ही हात पुढं केले. नारळ डावीकडून निसटला, त्यांनी तो कसाबसा पोटाशी झेलला आणि घाबरट हवालदाराचा चेहरा करून साहेबांच्याच हातात परत दिला. कॅन्टीन पुन्हा हसलं, मघापेक्षा जोरात. कुणी कुणी डोळे पुसतही होतं. सोपानरावांना फार हायसं वाटलं. खिसा गेला तरी हसू शाबूत होतं.

सवयीनं त्यांनी रांगांवरून नजर फिरवली. पहिल्या रांगेतली एक खुर्ची रिकामी होती. खिडकीतून समोरचं प्रेस शॉप दिसत होतं. तिथं बंद मशीनपाशी वाकून कुलदीप डाव्या बटनावरची पट्टी नखांनी सोलत होता.

सोपानरावांच्या कार्यक्रमातून मध्येच उठून गेलेला हा पहिला माणूस. त्याच्यावर ते बेहद्द खूश झाले.