अस्सल माया

समुपदेशक डॉ. हेमांगी टिपणीसांनी आज सहानुभूतीचे थेंब घेतले नव्हते. हट्ट त्यांच्याकडे येणाऱ्या घारपुऱ्यांचाच होता. "औषधावरची माया नको मला, अस्सल दाखवा," असं ते गेल्या खेपेस म्हणाले होते. अस्सल काहीतरी फारच गोड निघेल, याची घारपुऱ्यांना खात्री होती.

बायको घर सोडून गेली तो प्रसंग सांगताना घारपुऱ्यांनी नेहमीप्रमाणे तिच्या रडण्याची नक्कल केली. डॉक्टरांच्या मनगटावरचा, कायद्याने सक्तीचा केलेला भावदर्शक पट्टा एरवी मायेने हिरवा व्हायचा. आज तो काळाठिक्कर पडला.

"हा कसला रंग?"

"तुच्छतेचा. वर्षभर तीच नक्कल करताय, आणि वर मलाच विचारताय, ती का गेली!"

"दुसरा डॉक्टर बघतो मी!" घारपुरे तणतणत उठले. दारापाशी जाऊन त्यांनी मागे पाहिलं. डॉक्टरबाई चेहरा सावरत नव्हत्या, नजरही हटवत नव्हत्या.

"अगदी अशीच बघायची हो ती," ते हळू आवाजात म्हणाले. "मी तिला डोळे तपासायला पाठवलं होतं."

"मग? काय निघालं?"

"नजर उत्तम आहे म्हणाले," असं सांगून घारपुरे परत येऊन खुर्चीत बसले.