कारभाऱ्यांच्या घराण्याचं दुखणं

आकाशात दुसरा चंद्र उगवू लागल्याचं ते बारावं वर्ष. त्याच वर्षी म्हाताऱ्या कारभारीबाबांनी शेजारच्या राज्याच्या दूताला दरबाराऐवजी धोबीखान्यात नेऊन बसवलं.

गादीच्या वारस ताईसाहेब धावत गेल्या. दूत ओल्या चादरींमध्ये अंग चोरून बसला होता. ताईसाहेबांना एकोणिसावं लागलं होतं, पण परक्यापुढे त्यांच्या तोंडून शब्द फुटत नसे. बोलायचं ते बाबाच बोलत.

"बाबा, हे इथं कसे?"

"कोण हे? चादरी न्यायला आलेत ना?"

ताईसाहेब दूताकडे वळल्या. "आमच्याकडे," त्या कशाबशा म्हणाल्या, "पाहुण्याला घर मागच्या दारापासून दाखवतात."

दूत हसला. वेळ निभावली.

ताईसाहेबांचे चुलते काकासाहेब, यांनी मात्र नेमकं हेरलं. "या कारभाऱ्यांच्या घराण्याचं दुखणंच आहे हे. याचा बाप विसरला, आजा विसरला. आणखी एक चूक, की म्हातारा वेशीबाहेर! मग एकटीनं दरबार चालव. नाही जमलं, तर वर्षअखेर गादी माझी."

गादी गेली तरी चालली असती. पण ज्यांनी कडेवर खेळवलं, ते बाबा वेशीबाहेर? ताईसाहेब पहाटे उठू लागल्या. बाबांनी कोठार उघडं टाकलं, की गुपचूप बंद करत. निवाड्याच्या दिवशी बाबा बोलता बोलता गप्प झाले, तेव्हा त्यांचं वाक्य ताईसाहेबांनी पुरं केलं. मग अख्खा निवाडाच. धरणाचा बांध कुणी फोडला, हे विचारताना त्यांचा आवाज असा चढला, की काकासाहेबही सावरून बसले.

वर्षअखेर सरदारांनी एकमुखानं त्यांना गादीवर बसवलं.

"बाबा, आता विसावा घ्या," त्या शाल सारखी करत म्हणाल्या.

"आपण कोण?" बाबांनी विचारलं.

ताईसाहेबांना रडू आवरेना.

त्यांनी पुढे एकतीस वर्षं राज्य केलं. काकासाहेब शिकारीच्या बंगल्यावर जाऊन राहिले आणि लठ्ठ झाले. बाबांची लेक कारभारीण झाली. बाबा सात वर्षं जगले. शेवटच्या आजारात त्यांनी लेकीला जवळ बसवलं, दार लोटायला सांगितलं आणि एकशे बेचाळीस दारांपैकी कुठल्या दाराची कुठली किल्ली, ते एका दमात, क्रमानं सांगितलं.

"आणि वारसाला एकोणिसावं लागलं, की विसरायला लाग," ते म्हणाले. "बाकी सगळं जमतं गं. 'आपण कोण' मात्र फार जड जातं. ते अगदी शेवटी ठेव."