जिल्दासचं मत

“माझं मत तू टाकायचंस,” दवाखान्यातल्या खाटेवरून जिल्दास म्हणाला, “आणि टाकायचंस ते ओदिलला.”

नगराध्यक्ष एर्वे केमेनेरला आधी वाटलं, हा थट्टा करतोय. ओदिल प्रिजां रविवारच्या निवडणुकीत त्याच्याच विरुद्ध उभी होती. खाटेशेजारी सार्डिन मासळी डबाबंद करणाऱ्या कारखान्यातले दोन जुने कामगार बसले होते. ते गालातल्या गालात हसले. कारखाना एर्वेचा होता, आणि त्यानंच त्याला टाळं ठोकलं होतं. जिल्दास तेव्हा युनियनचा पुढारी. तरुणपणी दोघं एकाच संघातून फुटबॉल खेळलेले, एर्वे आघाडीला आणि जिल्दास गोलात. पण टाळं लागल्या दिवसापासून दोघांचं बोलणं बंद होतं.

“गावात दुसरं कुणी मिळालं नाही का तुला?”

“तूच हवास. आजाऱ्याचं मत कोण टाकणार ते पोलिसांपुढे लिहून द्यावं लागतं, तिथे तुझंच नाव दिलंय.”

एर्वे बाहेर पडला तो डोक्यात किडा घेऊनच. आजाऱ्याच्या वतीनं मत टाकणारा पडद्याआड पाकिटात कुणाची चिठ्ठी घालतो, ते बाहेर कुणालाच कळत नाही. मग असं मत कुणी वैऱ्याच्या हाती देईल? यात नक्की काहीतरी काळंबेरं होतं. ओदिलचाच डाव असणार. आपण नकार दिला तर दुखणाईत मित्राला झिडकारलं म्हणून बोंब, होकार दिला तर उद्या दगाबाजीची आवई. फुकट कुणी काही देत नाही, एवढं त्याला धंद्यानं शिकवलं होतं आणि राजकारणानं ते पक्कं केलं होतं.

“तुझ्या नावाची चिठ्ठी घाल आणि मोकळा हो,” बायको धिरडं उलटत म्हणाली. “कोण बघायला येतंय?”

“कोणी येत नाही, हेच तर खटकतंय.”

रविवारी शाळेच्या हॉलमध्ये त्यानं आधी स्वतःचं मत टाकलं. मग जिल्दासच्या नावानं पुन्हा दोन्ही उमेदवारांच्या चिठ्ठ्या उचलल्या. ओदिलची माणसं टक लावून बघत होती. पडद्याआड जाऊन त्यानं चिठ्ठ्या उलटसुलट केल्या, उजेडात धरल्या. कुठे खूण नव्हती. पाकीटही इतरांसारखंच होतं. सापळा कुठेच सापडेना, तशी त्याला धास्तीच वाटू लागली.

आणि सापळा नसलाच तर? आपल्याशी इतकी वर्षं न बोललेल्या माणसानं खरंच नुसता विश्वास टाकला असेल तर? एर्वेला भरून आलं. स्वतःची लाजही वाटली. त्यानं ओदिलची चिठ्ठी पाकिटात घातली आणि बाहेर येऊन पाकीट पेटीत सोडलं. “मतदान झालं!” पेटीमागचा माणूस ओरडला. कित्येक वर्षांत एर्वेला इतकं हलकं वाटलं नव्हतं.

संध्याकाळी त्याच हॉलमध्ये गावकऱ्यांनी पाकिटं फोडली. एर्वे एका मतानं पडला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो दवाखान्यात गेला. जिल्दास एकटाच होता. त्याचे डोळे लाल झाले होते.

“एका मतानं? हरामखोर गाव! अरे, हा दवाखाना बंद पडणार होता, तो तू वाचवलास. मला तूच निवडून यायला हवा होतास.”

एर्वे मटकन स्टुलावर बसला. “मग ओदिलला टाक म्हणून का सांगितलंस?”

“त्या दोघांच्या देखत काय सांगणार होतो? तोंडावर थुंकले असते माझ्या. म्हणून तर मत तुझ्याच हाती दिलं. म्हटलं, तिथे ते अगदी सुरक्षित राहील.”

“सुरक्षित?”

“मग! लेका, गोलात उभं राहून सगळा जन्म तुझा खेळ बघितलाय मी. तू कधी कुणाला पास दिलायस का?”