निळा श्वास

संध्याकाळ उतरली आणि मागच्या खोलीत कोंडलेल्या आजारी गबरू कुत्र्याचा श्वास निळा दिसू लागला. खोकल्याची साथ आल्यावर गावातल्या प्रत्येक कुत्र्याला औषधाचा थेंब दिला होता. त्यामुळे खोकल्याचे जंतू आता जिथे जात तिथे अंधारात उजळत.

"कुंदाताई, तुमचा तर आत आहे. मग गल्लीतली कुत्री निळी कशी झाली?" शेजारच्या इंगळेकाकांनी कुंपणावरून विचारलं.

"भटकीच ती. कुठेही तोंड घालतात."

बोलता बोलता कुंदाताईंनी फाटकाबाहेर पाहिलं. निळे श्वास काजव्यांसारखे तरंगत होते आणि त्यांच्या मधोमध त्यांनी स्वतःच ठेवलेलं जर्मनचं पातेलं चांदणं भरल्यासारखं उजळलं होतं. गबरूचं उरलेलं दूध त्या रोज त्यात ओतत. फेकण्यापेक्षा मुक्या जिवाच्या पोटात जावं, एवढंच मनात असे.

तेवढ्यात गल्लीतली गाभण कुत्री चिंगी शेपूट हलवत पातेल्याकडे आली. कुंदाताई अनवाणी धावल्या आणि त्यांनी ते पालथं केलं. निळं दूध उतारावरून वाहत गेलं.

"हाड," त्या म्हणाल्या. चिंगीला त्यांनी असं कधी हाकललं नव्हतं.

चिंगी लांब जाऊन धापा टाकत बसली. तिच्या तोंडापाशी नुसता काळोख होता. कुंदाताई त्या काळोखाकडे डोळे भरून बघत राहिल्या.