शेवटच्या पानाची दुरुस्ती

राजपालनं देवदान मास्तरांच्या उजव्या हाताची करंगळी हातोडीनं मोडली आणि मग विचारलं, "आता मारताव का राकसाला?"

मास्तर ओरडले नाहीत. टेबलावर प्रूफं पसरलेली होती; त्यांच्यादेखत ओरडणं बरं दिसलं नसतं. त्यांनी डाव्या हातानं चष्मा काढून बाजूला ठेवला.

"न्हाई," म्हणाले.

राजपालनं शेजारचं बोट धरलं.

राजपालचा हुमनाबादेत छापखाना आहे. तो लग्नपत्रिका छापतो, पावतीपुस्तकं छापतो आणि मास्तरांच्या कादंबऱ्या छापतो. मास्तर रविवारी चर्चमध्ये उपदेश करतात आणि बाकीचे दिवस राक्षस लिहितात. त्यांचा हाडखाऊ राक्षस माणसं सोलून खातो, कवट्या उशाला घेऊन झोपतो. त्याच्या नावानं पार संतपूरपर्यंतची पोरं अंथरूण ओलं करतात. मन्नाएखेळ्ळीत त्याच्या नावाचा ढाबा आहे. मटण चांगलं मिळतं.

चौथ्या भागात हाडखाऊनं नीलेशला खाल्लं. नीलेश म्हणजे राजपालचा धाकटा भाऊ. खरा नीलेश हायवेवर लॉरीखाली गेला होता, आणि लॉरीवाला गुंडप्पा पिऊन होता. माझ्या भावाला पुस्तकात घ्या, तिथं तरी त्याला मारणाऱ्याचं मुंडकं उडू द्या, असं राजपालच मास्तरांना विनवायला आला होता. मास्तरांनी घेतलं. तेव्हापासून राजपाल मुंडक्याची वाट बघत होता.

तेवढ्या काळात गुंडप्पानं दारू सोडली, बाप्तिस्मा घेतला, आणि आता तो चर्चमध्ये पुढच्या बाकावर बसून सगळ्यांत मोठ्यानं गातो. आवाज वाईट आहे.

आज सकाळी राजपालनं मालिकेचा शेवटचा भाग टाइप करून संपवला. शेवटच्या पानावर डोंगरावरचा मेंढपाळ राजा सगळ्यांना जेवायला बोलावतो. हाडखाऊ रडत येतो. राजा त्याला पंगतीत बसवतो. आणि वाढायला येतो नीलेश. राजपालनं छापखान्याचं शटर ओढलं, प्रूफं पिशवीत घातली, वर हातोडी ठेवली आणि मास्तरांचं घर गाठलं.

"ज्याला खाल्लाय त्येनंच वाढायचं?" दुसरं बोट मोडताना त्यानं विचारलं. "भात आणू का वरण आणू म्हून इचारायचं? कामून ओ मास्तर?"

राजाच्या घरची रीतच तशी आहे, ती काही मी पाडलेली नाही, असं मास्तर दातावर दात दाबून म्हणाले. मधल्या बोटाच्या वेळी मात्र ते थोडे खाली आले. हाडखाऊचा एक पाय मोडतो, म्हणाले. राजपालनं विचार केला. दोन्ही, म्हणाला. मास्तर एकावर अडून बसले. बोट मोडलं.

तेवढ्यात सुधारानी, मास्तरांच्या पत्नी, भाजी घेऊन आल्या. त्यांनी पिशवी दाराशी टेकवली, आत जाऊन वरवंटा आणला आणि राजपालच्या डोक्यात घातला. एकदाच, पण नीट. कान फाटला. राजपाल खुर्चीसकट आडवा झाला आणि रक्ताची चिळकांडी पहिल्या प्रकरणावर उडाली. तिथं लढाईच चालू होती, त्यामुळं फार वेगळं दिसलं नाही.

"प्रूफ तपासायलाव म्हणलाव न्हवं तुमी?" सुधारानी नवऱ्याला म्हणाल्या.

राजपालनं खालूनच विचारलं, की अक्का, तुम्ही शेवट वाचलाव का. नीलेशला खाल्ल्यापासून मी ह्यांचं वाचणंच सोडलंय, असं सांगून त्यांनी वरवंटा पुन्हा उचलला. मास्तर मध्ये पडले. वरवंटा त्यांच्या खांद्यावर बसला. काहीतरी कट्ट वाजलं. तेव्हा कुठं सुधारानी थांबल्या, दोघांकडं आळीपाळीनं बघितलं आणि रिक्षा आणायला गेल्या.

मास्तर आणि राजपाल भिंतीला टेकून शेजारी शेजारी बसले. राजपालनं मास्तरांच्या टॉवेलनं कान दाबून धरला होता. टॉवेल पिळण्याइतका झाला होता.

"मास्तर," तो म्हणाला. "मला माफ केलाव का?"

आवाजात विनवणी नव्हती. त्याला फक्त बघायचं होतं.

मास्तरांनी हाताकडं बघितलं. तीन बोटं तीन दिशांना गेली होती. त्यांनी तोंड उघडलं. हा शब्द ते दर रविवारी म्हणतात, माइक बंद पडला तरी शेवटच्या बाकापर्यंत पोचतो. आता तो गळ्यापर्यंत आला आणि तिथंच बसला. त्यांनी पुन्हा जोर लावला. कपाळावर घाम आला.

"न्हाई," शेवटी ते म्हणाले. "जमंना रे."

राजपालनं मान हलवली.

"मग आमच्या नील्याला एका पानात कसं काय जमलं?"

बाहेर सुधारानी रिक्षावाल्याशी भांडत होत्या. सीटला रक्त लागेल म्हणून तो तयार होत नव्हता. मास्तरांनी पाय लांब करून टेबलाखाली पडलेलं शेवटचं पान टाचेनं ओढलं, वाचलं, आणि पुन्हा वाचलं.

"दवाखान्यातून सुटलो की कागद आण," ते म्हणाले. "लिवायला तूच बस."

"किती आणू?"

"दुकानात हाय तेवढा."