बांधावरचं पान

कुदळ कोनशिलेला लागून खणकन वाजली, तसा ओफोरो थांबला. "आजी, आधी दगड काढू का?"

"राहू दे," मानका आजी म्हणाली. "दवाखान्याचं तेवढंच तर बांधून झालंय."

खड्ड्यातले दोघे हसले आणि लगेच गप्प झाले. वर केळीतल्या घरात आजीची सून ऐकाएली शवपेटीत निजली होती. काल तिला कळा सुरू झाल्या. चिखलातून पिकअप खाली शहराकडे निघाली आणि अर्ध्या वाटेवरून परत फिरली. आज उजाडताच आजीने सांगून टाकलं, पोरीला घरामागच्या केळीत नाही, इथं पुरायचं. तिच्या नवऱ्याने, म्हाताऱ्याने गावाच्या दवाखान्यासाठी दिलेल्या तुकड्यात. तिथं इतकी वर्षं फक्त शेळ्या चरल्या होत्या.

गावाचा अध्यक्ष एलियुफो चढ चढून धापा टाकत आला. डोक्यावरची टोपी त्याने हातात घेतली.

"काकू, हे काय चालवलंय? दान दिलेली जमीन आहे ही."

"दवाखान्याला दिलेली. दवाखाना दिसला तर सांग, त्याच्यापासून लांब खणायला लावते."

"वरून मंजुरी यायचीय. यंदा नक्की."

"तुझे केस काळे होते तेव्हाही यंदाच यायची होती."

एलियुफोने आवाज खाली आणला. "इथं एकदा मूठमाती पडली की जमीन कायमची तुमच्या घराची. मग सरकार इथं एक वीट लावणार नाही. तुम्हाला ठाऊक नाही का?"

"ठाऊक आहे. म्हणूनच."

"आणि उद्या दुसऱ्या कुणाची पोर अडली तर?"

बाजूला बायका उभ्या होत्या. त्यांच्यात शेजारची न्देशी होती, दिवस भरत आलेली. आजीने तिच्याकडे पाहिलं आणि नजर काढून घेतली.

"हिला नेली त्याच रस्त्यानं न्यायची," ती म्हणाली.

तेव्हा एलियुफोने पाठीमागचा हात पुढे केला. हातात इसालेचं लांब हिरवं पान होतं, मध्ये गाठ मारलेलं. बायकांची कुजबूज थांबली. डोंगरावर माफीचं हे पान कुणी नाकारत नाही. पोटच्या पोराला मारणारा ते घेऊन दारात आला, तरी हात पुढे करावा लागतो.

"गावाच्या वतीनं," तो म्हणाला. "चुकलो आम्ही."

आजीने पान घेतलं. उलटसुलट करून पाहिलं. देठातून अजून पाणी गळत होतं.

"कुठून तोडलंस रे?"

"इथूनच... बांधावरून. घाईत निघालो, काकू."

"जमीन दिली त्या दिवशी म्हाताऱ्यानं स्वतःच्या हातानं बांधावर लावलेली झाडं आहेत ती," आजी म्हणाली. "माफी मागायची, तर पानही माझंच लागलं तुला."

आजीने अंगावरच्या कापडाच्या टोकाला पान बांधलं आणि गाठ घट्ट ओढली.

"माफ केलं तुला. तुला आणि तुझ्या गावाला."

त्याने सुस्कारा सोडला. "चला रे, वर या दोघं."

ओफोरो आजीच्या तोंडाकडे बघत होता.

"तू कशाला वर येतोस? खण." ती एलियुफोकडे वळली. "जमीन मागितलीत तेव्हा जमीन दिली. आज माफी मागितलीत, माफी दिली. आता आपलं देणंघेणं संपलं, बाबा."

खड्ड्यात पुन्हा कुदळीचे घाव सुरू झाले. आजी काठावर वाकली, आतल्या लाल मातीकडे पाहत राहिली.

"ओफोरो, जरा रुंद घे," ती म्हणाली. "बाळ तिच्या कुशीत द्यायचंय."