हळदीत नाचलेला कैलास

गालावर हळद.

डाव्या पायात दुसऱ्याच कुणाची तरी चप्पल.

खिशात चार सुके बोंबील, रुमालात नीट बांधलेले.

खिडकीतून शेजारचा सुजीत: "कैलासदादा, काय नाचलात तुमी! बेंजोवाला दमला."

दुपारी चार वाजता कैलास अंथरुणात उठून बसला, तेव्हा त्याच्याजवळ एवढं होतं. आठवत काहीच नव्हतं. बोईसरच्या कारखान्यात रात्रपाळी, दिवसा झोप, आणि त्या झोपेतच उघड्या डोळ्यांनी भर उन्हात फिरणं. चाळीत सगळ्यांना माहीत होतं. कुणी उठवत नसे. जागा कैलास खेकसायचा. झोपलेला कैलास म्हाताऱ्यांच्या पिशव्या उचलायचा.

आज तो सुजीतच्या बहिणीच्या हळदीला जाऊन आला होता. बायकोला, हेमालीला घेऊन.

"त्याच्याबरोबर नाचलीस कशी तू?"

"त्याच्या म्हणजे? तुमीच होता ना."

"मी झोपलो होतो!"

"मग भांडताय कुणाशी?"

कैलासनं चप्पल भिरकावली. ती दुसऱ्याची आहे हे आठवलं, तसा जाऊन उचलून आणली.

"आणि त्याला म्हणे नावानं हाक मारतेस."

"तोच म्हणाला, मार."

"अजून काय बोलतो?"

"जेवलीस का, विचारतो."

कैलासनं चप्पल दाराशी नेऊन ठेवली. मग म्हणाला, "उद्याच दिवसपाळी मागून घेतो. डॉक्टरची गोळी घेऊन रात्रभर गाढ झोपेन. मग बघू कुठं फिरतो तो."

हेमाली चहा गाळत होती. हात थांबला.

"म्हणजे तो परत यायचा नाय?"

"नाय."

तिनं फडताळातून पिशवी काढली. दोन साड्या भरल्या.

"मग मला एडवणला पोचवा. आयकडे."

"अगं, माझ्यात असं काय कमी हाय?"

"तुमच्यात काय कमी नाय. पण मी हो म्हटलं ते त्याला."

तीन वर्षांपूर्वी हेमालीला बघायला कैलास एडवणला गेला होता तो सकाळी, रात्रपाळीवरून थेट; त्या दिवसातलं त्याला एवढंच आठवतं, की परतीच्या एसटीत कंडक्टरनं त्याला हलवून जागं केलं.